माहेरटोक

चौलच्या खाली, माझ्या सासरच्या आणि माहेरच्या गावांमध्ये, काळ्या कातळाचं एक टोक समुद्रात घुसलंय. उत्तरेला माहेर, दक्षिणेला सासर. वर धड गवतही उगवत नाही, म्हणून दोन्ही गावांनी ते वर्षानुवर्षं एकमेकांच्या गळ्यात मारलं. नाव दिलं ते सासरच्या बायकांनी. इथल्या निम्म्या सुना पलीकडच्याच. ओहोटीला कालवं काढायला गेल्या, की टोपली भरल्यावर टोकावर चढायचं आणि आपल्या घराची कौलं दिसतात का बघायचं. म्हणून ते माहेरटोक.

मी नवी नवरी असताना तिथे उभी राहिले, की पलीकडे वाळूत दादा यायचा, हात हलवायचा. सणाला गेले की चिडवायचा, "माहेरटोकावर लई वेळ उभी व्हतीस, बाय. सासू कामाला लावीत न्हाय काय?"

आता तिथे हॉटेल यायचंय म्हटल्यावर खडकाला अचानक दोन मालक फुटले. शीव ठरवायला मोजणीचे साहेब आले. दोन्ही गावं जमली. माझ्या धाकट्या दिरांनी बिनतोड मुद्दा काढला. "नावच बघा ना साहेब, माहेरटोक. माहेर लांबून बघायचं तर सासरात उभं ऱ्हायला लागतं. म्हंजे टोक आमचं."

साहेब हसले. त्यांनी दादाला विचारलं, हे नाव खरं का?

माझ्याकडे न बघता दादा म्हणाला, "असलं नाव आमच्यात कुणी ऐकलं न्हाय."

मी पुढे झाले. "साहेब, मी सांगते."

"तिला काय इचारता?" दादा म्हणाला. "ती आता त्यांची."

दिरांना वाटलं, मी भावाची बाजू घेणार. तेही घाईने बोलले, "ऱ्हाऊ द्या वहिनी. कसं झालं तरी तुम्ही तिकडच्या."

साहेबांनी मान डोलावली आणि पुढच्या माणसाला विचारलं. परक्याने केलं असतं तर तिथेच भांडले असते. दादाने केसाने गळा कापला. घरी येऊन मी भांडी आपटली, रडले, आणि सगळ्यांसाठी भात लावला.

भाऊबीजेला दुपारी दादाचा फोन आला. आवाज नेहमीसारखा लाडाचा.

"अगं बाय, न्यायला आलोय तुला. कवाचा उभा हाय."

"कुठं उभा हायस?"

"कुठं म्हंजे? माहेरटोकावर," तो सहज बोलून गेला.

मी गेले नाही.