‘पळ’ शिकवणारी कॅसेट

माझी शाळा दुसरीपर्यंत. पण विहिरीच्या सुरुंगावर माझा हात असा बसलेला, की लोक लांबून बोलवायला यायचे. साखऱ्याकडच्या एका विहिरीवर मी वात पेटवून “पळा” म्हणून ओरडलो, तवा आंध्राकडून आलेला एक मजूर माझ्या तोंडाकडं बघत उभाच राहिला. त्याला मराठी येत नव्हती. दगडानं त्याचं डोकं फोडलं. रक्त माझ्या सदऱ्यावर उडालं.

म्हणून नव्वदनंतर माझं पोरगं अरबांच्या दगडखाणीत कामाला निघालं, तवा अरबी शिकायची कॅसेट निवडायला मी स्वतः त्याच्यासंगं हिंगोलीला गेलो. दुकानात दोन संच होते. एकात जाड पुस्तक आणि बाईचा गोड आवाज. दुसऱ्यात नुसत्या दोन कॅसेटी. माणूस आधी हिंदीत सांगणार, मग अरबीत. पोराला पुस्तकवाला पाहिजे होता.

“यात ‘पळ’ कुठं हाय?” मी विचारलं.

दुकानदार हसला. “काका, आधी सलाम शिका, चहा मागायला शिका. पळायची काहून घाई करून राहिले?”

मी त्याची गचांडी धरली.

“बाबा, सोडा! लोक बघून राहिलेत,” म्हणत पोरगं मधी आलं. मी पोराच्याच तोंडावर अशी ठेवून दिली, की ओठ फुटला. मग दुकानदारानं मुकाट दुसरा संच वाजवला. त्यात कामावरचे हुकूम निघाले. थांब, वाक, पळ. तोच घेतला.

ते तीन शब्द टेप ऐकून मी आधी पाठ केले. मग पोराला आमच्या कोरड्या, अर्धवट विहिरीत उतरवलं आणि वरून ओरडायला लागलो, कधी हा, कधी तो. ‘पळ’ म्हटलं की मी वरून दगड सोडायचो. पहिल्या दिवशी दोन लागले. खांदा काळानिळा झाला. त्याची माय रडली, तरी मी थांबलो न्हाई. आठव्या दिवशी एकबी लागला न्हाई.

त्या दिवशी ते वर आलं ते हातात दगड घेऊनच. माझ्यावर नजर रोखून त्यानं ‘पळ’चा तोच अरबी शब्द फेकला. मला बराबर कळला. पण पोरापुढं मी पळतो व्हय? दगड नडगीवर बसला, कातडं फाटून हाड दिसलं.

“शब्द येतो ना तुमाला? मग हलले काहून न्हाई?” ते ओरडलं.

दुसऱ्या दिवशी ते कॅसेटी घेऊन गेलं. बारा साल खाणीत राहून हातपाय धड घेऊन परत आलं. मी आजबी लंगडतो. पण माझं चुकलं, असं मी लिहिणार न्हाई.