औषध खाणारी माती

माझा केरूमामा फवारणीचं काम करायचा. घरामागे स्वतःचं अर्धा एकर भात होतं, पण पाठीवर पंप घेऊन तो मुरबाडजवळच्या म्हसा गावापासून थेट शहापूरच्या हद्दीपर्यंत कुणाच्याही भेंडीत, काकडीत, कारल्यात दिसायचा. माणसं त्याला केरू पंपवाला म्हणत. माझ्या आईचा, येसूबाईचा, तो धाकटा भाऊ. उंची बेताची, बोलणं सावकाश आणि नाक मात्र विलक्षण. गोजरमामीने शेजारणीकडून आणलेल्या ताकात कालचं दही किती आणि परवाचं किती, हे तो वाटी तोंडाला न लावता सांगायचा. औषधांची तर त्याला बाटली बघावी लागत नसे. शेतकरी कीटकनाशकाला औषध म्हणतात, म्हणून मामाही म्हणायचा आणि मीही तेच म्हणते.

त्र्याण्णव साली हे नाक कामी आलं नाही. महादू देसल्यांच्या भेंडीत फवारताना वारा उलटला आणि मामाचा सदरा ओला झाला. एवढीच पट्टी राहिलीय, असं म्हणत त्याने तसंच काम पुरं केलं. बांधावर येईस्तोवर तोंडाला लाळ सुटली, पाय लटपटायला लागले. महादूकाकांनी त्याला जीपमध्ये घालून मुरबाडला नेलं. डॉक्टरांनी पापण्या वर करून पाहिल्या, तर बाहुल्या मोहरीएवढ्या झालेल्या. त्यांनी लगेच इंजेक्शनं सुरू केली. त्या इंजेक्शनांनी मामा वाचला, पण दोन दिवस त्याला भास होत होते. त्याला वाटत होतं आपण म्हशाच्या जत्रेत बैल बघतोय. नर्सबाई सलाईन लावायला आल्या की तो त्यांना सांगायचा, "दात दाखवा आधी, मग बोलू." हा किस्सा मामी पुढे दहा वर्षं सगळ्यांना सांगत राहिली.

घरी आल्यावर मामाने काम सोडलं नाही. दुसरं काही येत नव्हतं. पण वागणं बदललं. लांब बाह्यांचा सदरा, तोंडाला फडकं, वाऱ्याकडे पाठ आणि काम झाल्यावर साबणाने आंघोळ. शिवाय पंप कुठेही धुवायचा नाही. महादूकाकांच्या मळ्यात विहिरीपासून, गोठ्यापासून लांब, उताराच्या टोकाला त्याने हातभर खोल खड्डा खणला. आसपासच्या सगळ्या मळ्यांचं काम उरकून तो तिथेच यायचा आणि पंप धुऊन पाणी त्या खड्ड्यात ओतायचा.

सुरुवातीला त्या खड्ड्याची अवस्था वाईट होती. काठावरचं गवत जळालं, गांडुळं मेली. कुजक्या लसणासारखा वास दहा-बारा दिवस हटायचा नाही. असं आठ-नऊ वर्षं चाललं. मग दोन हजार दोनच्या हिवाळ्यात मामाला काहीतरी चुकल्यासारखं वाटायला लागलं. सोमवारी पंप धुतला की बुधवारी वास गायब.

त्याला पहिला संशय दुकानदाराचा आला. तो तडक मुरबाडला गेला.

"शेट, औषदात पानी घालताव का?"

"सील तुझ्या हाताने फोडलंस ना?" दुकानदार म्हणाला. "किडे मरत नाहीत का?"

"मरतात."

"मग?"

"वास दोन दिसांत जातो."

"मग बरंच आहे की. वास गेला तर तुझं काय गेलं?"

मामाला हे उत्तर पटलं नाही. परत येऊन त्याने जे केलं ते ऐकून मी पुढे थक्क झाले, कारण ते त्याला कुणी शिकवलेलं नव्हतं. त्याने पन्नास पावलांवर नवा खड्डा खणला. एकाच पंपाचं पाणी बादलीने निम्मं जुन्या खड्ड्यात ओतलं, निम्मं नव्या. मग रोज सकाळी वाऱ्याची दिशा बघून दोन्हीकडे उभा राहायचा. जुन्यातला वास तिसऱ्या दिवशी गेला, नव्यातला अकराव्या. हाच प्रकार त्याने तीनदा करून पाहिला.

"माती औषद खाते," त्याने महादूकाकांना सांगितलं. महादूकाका हसले आणि गावभर सांगत सुटले. महिनाभर जो भेटेल तो मामाला विचारायचा, "काय केरू, माती जेवली का?"

तेव्हा मी कल्याणला बसने जाऊन-येऊन एम.एस्सी. करत होते. विषय सूक्ष्मजीवशास्त्र. प्रोजेक्टसाठी विषय सुचत नव्हता. म्हशाच्या जत्रेत आई घोंगड्यांचा भाव करत बसली होती आणि मी न् मामा भजी खात बाजूला उभे होतो. मामाने एकदम विचारलं, "रत्ना, तुज्या कॉलेजात माती तपासतात का गो?"

मग त्याने खड्ड्यांची हकिगत सांगितली. मी भजी तशीच ठेवून त्याच्याकडे ती माती मागितली.

दुसऱ्या दिवशी मामाने रबरी हातमोजे घालून ती माती जॅमच्या बरणीत भरून दिली. आमच्या देवकी मॅडमनी ती बाहेरून पाहिली आणि विचारलं, "हे मामा शिकलेत किती?" मी म्हटलं, "चौथी." त्या म्हणाल्या, "कामाला लाग."

आम्ही ती माती काचेच्या चंबूत पाण्यात घातली आणि तिला खायला फक्त मामा फवारायचा ते औषध दिलं, मिथाइल पॅराथिऑन. दुसऱ्या चंबूत तेच औषध आणि तीच माती, पण आधी कुकरसारख्या यंत्रात वाफवून जंतू मारलेली. पाचव्या दिवशी पहिल्या चंबूतलं पाणी पिवळं झालं. दुसरं होतं तसंच राहिलं. हे औषध तुटलं की त्याचा एक तुकडा पिवळा दिसतो. म्हणजे मातीतला कुणीतरी जिवंत जीव ते तोडत होता.

हे बघायला मामा इस्त्रीचा सदरा घालून कॉलेजात आला. मॅडमनी त्याला खुर्ची दिली.

"मामा, तुमच्या मातीत एक जंतू आहे," त्या म्हणाल्या. "तो अंगात एक कात्री तयार करतो. आम्ही तिला एन्झाइम म्हणतो. विषाचा कण आला की ती नेमका एक सांधा कापते. कापलं की विषाचा जोर संपला. जे उरतं तेही पिण्याजोगं नाही, पण त्याने माणूस तसा पडत नाही."

"आणि कात्री बोथट होते?"

"लवकर नाही. एकच कात्री हजारो कण कापते."

मामाने चंबू उजेडात धरून पाहिला. मग मॅडमनी सांगितलं की युद्धात वापरायचे काही विषारी वायू याच औषधाच्या जातीचे असतात आणि अशा एन्झाइमने तेही तुटतात का, यावर बाहेरच्या देशांत संशोधन चालू आहे.

मामाने चंबू खाली ठेवला. मग म्हणाला, "म्हंजे मी त्या दिशी भेंडीत पडलो, तो लढाईतला परकार होता."

"त्याचा लांबचा भाऊ," मॅडम म्हणाल्या.

परतीच्या बसमध्ये मामाने कंडक्टरला हे सगळं सांगितलं. कंडक्टर टोकावड्याचा, म्हणजे आमच्याच बाजूचा होता; मामा उतरेपर्यंत त्याला सुटका नव्हती.

त्या जंतूला आम्ही के-तीन नाव दिलं. 'के' कुणाचा ते सांगायला नको. माझा प्रोजेक्ट झाला, मार्क चांगले पडले आणि मॅडमनी पुढच्या कामासाठी मला सहायक म्हणून ठेवून घेतलं. पण दोन हजार पाचच्या मे महिन्यात लोडशेडिंगने घात केला. सुट्टीत प्रयोगशाळेचा फ्रीज दिवसाचे आठ-आठ तास बंद पडायचा आणि ते कुणी पाहिलंच नाही. जूनमध्ये उघडला तर के-तीन जपून ठेवलेल्या सगळ्या नळ्या गेलेल्या. के-तीन कशातच वाढेना. मी दोन आठवडे एकामागून एक नळी लावून पाहत होते आणि रोज रडत होते.

पुन्हा माती आणायला मळ्यात गेले, तर तिथे कुंपणाची भिंत उभी. महादूकाकांनी तो तुकडा मुंबईच्या एका पार्टीला फार्महाउससाठी विकला होता. उतारावर दोन फूट मुरूम पसरून वर हिरवळ लावायचं चाललं होतं. खड्डा कुठे होता तेही ओळखू येईना. मी तशीच मामाच्या घरी गेले आणि ओट्यावर बसले.

"गेली माती," मी म्हटलं.

"कुटं गेली?" मामा म्हणाला. "मागं हाय."

घरामागे परसाच्या टोकाला, मामीच्या चुलीपासून लांब, एक अर्धं कापलेलं पिंप होतं. जमीन विकली जाणार हे कानावर आल्याबरोबर मामाने मातीची चार घमेली उचलून आणली होती. त्यात भाताचा पेंढा आणि जुनं शेणखत मिसळलं होतं आणि पंपाचं धुवण तो आता त्यातच ओतत होता. वर पत्रा, भोवती काट्या, म्हणजे कोंबड्या जायला नकोत.

"मला सांगायचं नाय का?" मी विचारलं.

"तुज्याकडं नळ्या होत्या ना. मला वाटलं, तुला कशाला मातीचा भार." मग म्हणाला, "जित्ती हाय ती. तिला मुरूमाखाली उपाशी सोडायची व्हय?"

मला त्याच्या गळ्यात पडावंसं वाटलं. पण तो पंप धूत होता, म्हणून लांबूनच हसले.

त्या पिंपातल्या मातीने चंबू चौथ्याच दिवशी पिवळा केला. पेंढा घातल्याने काम उलट जास्त वेगाने होत होतं. तो मामाचा स्वतःचा शोध, आणि पुढे छापून आलेल्या आमच्या लेखात मॅडमनी तो त्याच्या नावानिशी नोंदवला. नवा जंतू वेगळा करून आम्ही तो या वेळी दोन ठिकाणी ठेवला.

पुढल्या वर्षी शहापूरला शेतकऱ्यांच्या एका मेळाव्यात मॅडमनी मामाला बोलायला लावलं. दहा मिनिटांचा वेळ होता, मामा पस्तीस मिनिटं बोलला. पिंप कसं कापायचं, पेंढा किती, माती किती, विहिरीपासून किती लांब ठेवायचं, सगळं हातवारे करून सांगितलं. शेवटी मागच्या रांगेतला कोंडू नावाचा एक शेतकरी उठला.

"मंग आता हातमोजे, फडकं नाय लागनार ना? औषद तर तुटतंय."

मॅडम एकदा म्हणाल्या होत्या की आपल्या रक्तातही असंच एक एन्झाइम असतं, कुणात जास्त, कुणात कमी, पण त्याच्या भरवशावर राहू नये. मामाला ते नीट आठवलं नसावं. तो कोंडूकडे बघत म्हणाला, "मातीला दोन दिस लागतात, दादा. आपलं अंग दोन तास पन देत नाय. मी भेंडीत पडून बघितलंय."

कोंडू खाली बसला.

त्या हंगामात मुरबाड-शहापूर मिळून अकरा पिंपं बसली. मी मॅडमबरोबर फिरून सगळी पाहिली. नऊ नीट चालत होती. एकात मालकाने कोथिंबीर लावली होती; ती उपटून टाकायला लावताना मामाने जो आवाज चढवला, तसा मी पूर्वी कधी ऐकला नव्हता. अकरावं नवं कोरंच होतं, आणि त्यात एका म्हातारीने शेणकुटं, म्हणजे गोवऱ्या, भरून ठेवली होती. तिने सांगितलं की पिंप चांगलं आहे, पावसात सुकी राहतात.