मावशीच्या चाळणीतली मोठी बी

आमची मावशी काय काम करायची, असं कोणी विचारलं की घरातले सगळे एकदम बोलायला लागतात. कोणी पाणी आणायला उठतं, कोणी उकाड्याचा विषय काढतं. तिच्या मुलाचं लग्न जमत होतं तेव्हा मावशीच्या जावेने परस्पर सांगून टाकलं, "त्या प्रयोगशाळेत असतात." ते काही खोटं नव्हतं. पण मुलीच्या आईने कौतुकाने विचारलं, "म्हणजे नेमकं काय करता हो?" आणि मावशीने तितक्याच कौतुकाने सांगितलं, "माकडांची शी धुते."

तरीही लग्न झालं. सून गुणी निघाली.

जंगलाच्या कडेला माकडांचा अभ्यास करणारं एक छोटं केंद्र होतं. पत्र्याचं छप्पर, पुढे ऑफिस, मागे सिमेंटची मोरी, नळ आणि भिंतीला टांगलेल्या चाळण्या. माकडं काय खातात हे ती सांगत नाहीत, म्हणून जंगलातून त्यांची विष्ठा पुड्या बांधून आणायची. मावशीने ती नळाखाली चाळून धुवायची आणि चाळणीत उरलेल्या बिया, साली, किड्यांचे पंख वाळवून निरनिराळ्या बाटल्यांत भरायचे. ऑफिसात त्या पुडीला 'नमुना' म्हणत. पुड्या जीपमधून आणायचे ते आमचे काका, म्हणजे मावशीचे यजमान. जीपचे ड्रायव्हर. पुड्या मोरीवर मांडून म्हणायचे, "घ्या राणीसरकार, नजराणा."

"ठेवा तिकडे. आणि साबणाने हात धुवा, मगच चहाला या."

एवढाच त्यांचा संसार, पण बघत राहावा असा.

मावशी माकडांबद्दल बोलायची ती नात्यातल्या माणसांबद्दल बोलावं तशी. "राखाडी वानर म्हणजे पथ्यावरचा माणूस. पाला, पाला आणि वर पाला. तांबडी माकडं म्हणजे लग्नातले वऱ्हाडी, पुढ्यात येईल ते हाणतात. ते रात्रीचं इवलंसं, डोळे वटारलेलं, त्याच्या पुडीत नुसत्या किड्यांच्या तंगड्या! आणि काळी..." इथे तिचा आवाज जरा खाली यायचा, जसा माहेरच्या माणसांबद्दल बोलताना येतो.

काळी माकडं उंच झाडांच्या शेंड्यांवर राहायची. जमिनीला पाय लावणं त्यांना कमीपणाचं वाटत असावं. एका झाडाचं पिवळं फळ ती अख्खं गिळायची, आणि त्याची बी सुपारीएवढी. एवढी बी पोटातून नेण्याची छाती त्या जंगलात दुसऱ्या कोणाची नव्हती. फळ खायचं इथे ऑफिसमागच्या झाडावर, बी टाकायची टेकडीपलीकडे. "झाडाला पाय नसतात, मावशी. ही माकडं म्हणजे त्या झाडाचे पाय," असं डॉक्टरबाई म्हणायच्या. डॉक्टरबाई केंद्राच्या प्रमुख. माकडांवर अभ्यास करून डॉक्टर झालेल्या, पण आसपासचे लोक त्यांनाच गुडघे दाखवायला यायचे. बाई "जरा कमी चाला" म्हणायच्या, आणि गुण यायचा.

मग जंगलातून रस्ता गेला. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना झाडं तोडून बागा लावल्या, सगळी एकाच जातीची रोपं, शाळेतल्या पोरांसारखी रांगेत उभी. बागेत हिरवं पुष्कळ होतं, खायला काही नव्हतं.

हे सगळं मावशीला खिडकीतून दिसायच्या आधी चाळणीत दिसलं. बियांचे प्रकार कमी झाले. फळीवरच्या बाटल्या रिकाम्या राहू लागल्या. तांबड्या माकडांच्या पुडीतून बिस्किटांचा चकचकीत कागद निघाला, रबरबँड निघालं, एकदा शर्टाचं बटण.

"माझं नाही," काका लगेच म्हणाले.

हसले तेव्हा दोघं. पुढे रात्रीच्या त्या इवल्याशाची पुडी येईनाशी झाली. कधीपासून, ते कोणालाच सांगता येईना. शेवटची पुडी ही शेवटची आहे, असं तिच्यावर लिहून येत नाही.

काळ्या माकडांची एक टोळी उरली होती म्हणत, रस्त्यापलीकडच्या एका पट्ट्यात. एका वर्षी वरच्या ऑफिसातून कळलं की तो पट्टाही तोडायला द्यायचा आहे. तिथे काळी माकडं आहेत असं केंद्राने फळांचा हंगाम संपायच्या आत दाखवलं, तरच तोड थांबणार. अलीकडे डोळ्यांनी त्यांना कोणी पाहिलेलं नव्हतं. आशा काय ती पुडीची.

मावशी सकाळचा चहा सोडून मोरीवर बसू लागली. काका त्या पट्ट्यातून मिळेल ते उचलून आणत. ती धुवायची, चाळणी उन्हात धरायची, बोटाने चाचपायची. पाला निघायचा, कागद निघायचा. जेवताना घास हातात तसाच राहायचा. काकांनी एकेक ठेवणीतला विनोद काढून पाहिला. शेवटी ते स्वतःच म्हणाले, "अगं, निदान वाईट आहे असं तरी म्हण!"

आणि एका सकाळी मावशी ओरडली. चाळणीत बिया होत्या. सुपारीएवढ्या, चांगल्या ओंजळभर!

डॉक्टरबाई एका पायात चप्पल घालून धावत आल्या. मावशीला रडू आवरेना आणि हात ओले, म्हणून ती कोपराने डोळे पुसत होती. "आहेत हो बाई, आहेत! जिवंत आहेत माझी!" काका दारात उभे होते. ते जीपच्या टायरकडे बघत होते.

बाईंनी एक बी खिडकीशी नेली. उलटीपालटी करून बराच वेळ पाहिली.

"मावशी," त्या हळूच म्हणाल्या, "ही पोटातून आलेली नाही."

बियांच्या कडेला गराचे धागे तसेच होते आणि पाठीवर चाकूचे ओरखडे. मावशीच्या हातांखालून आयुष्यभर अशा बिया गेलेल्या. अंधारातही तिला फरक कळला असता. पण त्या सकाळी तिला तो कळून घ्यायचा नव्हता.

कोणी विचारायच्या आत काकाच म्हणाले, "मी घातल्या पुडीत. ऑफिसमागच्या झाडाखाली फळं पडली होती. तुझं तोंड बघवेना गं रोज."

मावशीने एक बी उचलून त्यांच्यापुढे धरली. मग म्हणाली, "अहो, खरवडायच्या तरी नीट!"

बाईंना हसू फुटलं आणि लगेच विरलं. कारण मावशी ती चाळणी पोटाशी धरून त्यांच्याजवळ सरकली होती.

"बाई, द्या ना पाठवून. मी घासते पुन्हा, अगदी खऱ्यासारख्या करून देते. वर बसून कोणाला काय कळतंय? पट्टा तरी राहील. वानरं आहेत अजून तिथे."

बाईंनी हातातली बी पुन्हा चाळणीत ठेवली. नळाचं पाणी तसंच वाहून चाललं होतं.

"मोह मलाही होतोय, मावशी. पण उद्या ते येऊन म्हणतील, दाखवा. कुठल्या झाडावर माकड दाखवू? आणि एकदा खोट्यात सापडलो, की वानरं आहेत हे खरंसुद्धा कोणी ऐकायचं नाही."

मावशीने नळ बंद केला.

हंगाम संपला. बाईंनी खरं तेच कळवलं, वानरांसाठी पट्टा ठेवा अशी विनवणीही केली. उत्तर आलं ते करवतींचं. वानरं पुढे कुठे गेली, ठाऊक नाही. बाईंची बदली झाली आणि केंद्राला कुलूप लागलं. मागच्या खोलीत मावशी आणि काका राहतात, राखणदार म्हणून. काय राखायचं, ते कोणी सांगितलेलं नाही.

गेल्या उन्हाळ्यात मी त्यांच्याकडे गेलो होतो. ऑफिसमागचं ते झाड फळांनी लगडलं होतं. चहाचा कप तोंडाला लावणार तोच डोक्यावरच्या पत्र्यावर धप्पकन आवाज झाला आणि चहा माझ्या शर्टावर.

"घाबरू नकोस," काका म्हणाले. "पाहुणे आलेत."

"फळ पडलं," मावशी म्हणाली. "पूर्वी एक पडायचं नाही. पिकलं की काळी वरच्यावर संपवायची."

केंद्राला कुलूप लागलं त्या वर्षी तिने फळं गोळा करून, बिया नीट घासून रस्त्यापलीकडे टाकल्या होत्या. बागवाल्यांनी तणाचं औषध फवारलं, त्यात उगवल्या तेवढ्या जळल्या. दुसऱ्या वर्षीही टाकल्या. आता टाकत नाही. चाळणी खुंटीला आहे, कोरडी.

पुन्हा धप्प झालं. मग लागोपाठ आणखी. मावशीने मान वर केली नाही. ती काकांचा रिकामा कप उचलून मोरीकडे गेली आणि नुसताच हातात धरून तिथे उभी राहिली. काकांनी तिच्या पाठीकडे पाहिलं.

पत्र्यावर फळं पडत राहिली.