क्युबाला जाणारी बॅग

राग माझ्या नाकाच्या शेंड्यावर असतो, असं आमच्या नागपूरच्या घरात सगळे म्हणायचे. खोटं नाही. पण तो जसा चढतो तसा उतरतोही, चहा गाळून होईपर्यंत. शेजारच्या क्युबन बाईंच्या निमित्तानं आलेला राग मात्र अजून उतरलेला नाही, आणि तो उतरावा असं मला वाटतही नाही.

इथे अमेरिकेत, पार्सिपनीत आमचं आणि त्यांचं स्वयंपाकघर एकाच भिंतीच्या दोन बाजूंना आहे. आम्ही राहायला आलो त्याच आठवड्यात त्यांनी दार वाजवलं. ठेंगणी मूर्ती, पांढरे केस नीट बसवलेले, घरातल्या घरातही ओठांना लिपस्टिक. म्हणाल्या, "तुझ्या कुकरची रिंग गेलीये. शिट्टी होत नाही, नुसती फुसफुस ऐकू येते." मी बघतच राहिले. याआधीच्या घरी शेजारचा माणूस शिट्टी ऐकून घाबरायचा, एकदा तर अग्निशमनवाल्यांना बोलावतो म्हणाला होता. इथे भिंतीपलीकडून कुणीतरी माझ्या कुकरचं दुखणं ओळखलं होतं. त्यांच्याकडेही रोज कुकर लागतो, काळ्या घेवड्यासाठी. माझ्याकडे सीताबर्डीहून आणलेल्या रिंगा डबाभर होत्या. दर खेपेला आणतेच मी. अमेरिकेत सगळं मिळतं, आपल्या कुकरची रिंग मिळत नाही.

तो डबा बघून बाईंचे डोळे लकाकले. त्यांना रिंग हवी होती, पण स्वतःसाठी नाही. धाकट्या बहिणीसाठी.

बहीण तिकडे क्युबात, मातान्सासजवळच्या एका गावात, ज्या घरात दोघी जन्मल्या त्याच घरात एकटी राहायची. साखरेचा आजार, पायाला जखम, चालणं जवळजवळ बंद. तिच्याकडे जुना कुकर होता आणि त्याहून जुना फ्रिज. फ्रिज अमेरिकन! बाईंचे वडील अमेरिकन मालकीच्या साखर कारखान्यात फिटर होते. तिथला एक अमेरिकन इंजिनियर गाशा गुंडाळून निघाला तेव्हा त्यानं तो फ्रिज वडिलांना देऊन टाकला. "तो आमच्याकडे रविवारी जेवायला यायचा," बाई सांगायच्या. "माझ्या आईच्या हातचा भात खायचा आणि वडिलांबरोबर रेडिओवर बेसबॉल ऐकत बसायचा. कुठला संघ कुठल्या देशाचा, हे आम्हाला कुठे माहीत होतं? आम्हाला फक्त खेळाडू माहीत." तेव्हा फ्लोरिडाहून हवानाला बोट जायची, माणसं आपली मोटार तिच्यावर चढवून जायची नि सुट्टी संपली की परत यायची. इतकं जवळ. मग सरकारं भांडली. त्यांच्या भांडणात बोट बंद झाली, ती या माणसांना विचारून नव्हे.

फ्रिज मात्र चालत राहिला. गावात तासन् तास वीज नसायची, आणि बहिणीचं इन्सुलिन त्या फ्रिजमध्ये. दाराचं रबर वाळून फाटलं होतं, त्यामुळे वीज गेली की थंडावा बाहेर आणि इन्सुलिनची वाट. बाईंनी कुठून कुठून शोधून मीटरवर मिळणारं रबर आणलं. माझ्या डब्यातल्या तीन मापांच्या रिंगा घेतल्या. पण हे सगळं पाठवायचं नव्हतं. बहीणच येणार होती, पाहुणी म्हणून, बाईंच्या ऐंशीव्या वाढदिवसाला. इथे जखम दाखवायची, पोटभर बोलायचं, आणि जाताना रबर नि रिंगा घेऊन जायचं, असा बेत.

आणि वॉशिंग्टनमध्ये कुणीतरी एका कागदावर सही केली. क्युबाच्या माणसांना पाहुणे म्हणूनसुद्धा यायला बंदी. कारण काय, तर ही माणसं येतात आणि परत जात नाहीत.

बाईंनी हे मला भिंतीला टेकून सांगितलं. रडल्या नाहीत. माझी मात्र तळपायाची आग मस्तकात गेली, कारण ते वाक्य मला पाठ होतं. माझ्या आईला असाच व्हिसा नाकारला होता. आमची आई! नागपूर सोडून कामठीला मुक्कामी राहायची नाही, म्हणायची माझ्या कुंड्यांना पाणी कोण घालील. तिला काचेपलीकडच्या पोरानं सांगितलं, तुम्ही परत जाल याची खात्री वाटत नाही. माझ्या मुलीचं बारसं तिनं फोनवर ऐकलं. त्यानंतर ती कधी आली नाही, आणि आता येणारही नाही.

त्याच रविवारी आमची बुद्धवंदना होती. महिन्यातून एकदा आम्ही पंधरा-वीस घरं कुणाच्या तरी बेसमेंटमध्ये जमतो, त्रिशरण-पंचशील होतं, मग जेवण. जेवताना मी बाईंची गोष्ट काढली. आमच्यातले एक काका, चांगले माणूस, कुणाच्याही अडीअडचणीला धावणारे, पोळीचा तुकडा मोडत म्हणाले, "अगं, पण रूल इज रूल. आपण लाईनमध्ये उभं राहून आलो ना? या लोकांना लाईन नको असते."

"काका," मी म्हटलं, "तुमच्या आजोबांना विहिरीच्या लाईनीत उभं राहू देत होते का?"

माझी मुलगी मला कोपरानं ढोसत म्हणाली, "आई, स्टॉप. इट्स नॉट अवर फाइट." हीसुद्धा इथलीच हवा. मी तिला म्हटलं, मग आपली फाइट कोणती, पार्किंगची? काका जेवण अर्धं टाकून उठले. मी अजूनही त्यांची माफी मागितलेली नाही. ज्यांना कधी कुठल्या रांगेत घेतलं नाही, त्यांनी रांगेचे गोडवे गावेत, याच्याइतकं संतापजनक मला काही वाटत नाही.

बहीण येऊ शकत नाही तर आपण जायचं, असं बाईंनी ठरवलं. इथे आडवा आला त्यांचा मुलगा.

मुलगा म्हणजे काही पोरगा नव्हे, माझ्याहून मोठा, छपरं बसवण्याचा धंदा असलेला. राहायचा तासाभरावर. दर रविवारी आईसाठी पाव घेऊन यायचा, चुकायचा नाही. त्याच्या वडिलांचं तिकडे बुटांचं दुकान होतं. ते सरकारनं घेतलं, आणि वडील इथे गिरणीत राबून, ते दुकान आठवत गेले. हे मला माहीत आहे. तिकडच्या सरकारनं माणसांचे हाल केले, करतंय, हेही मला कुणी शिकवायला नको. पण म्हणून?

"एक डॉलरसुद्धा तिकडे जाणार नाही," तो आईच्या घरात ओरडत होता. भिंत पातळ, सगळं ऐकू येत होतं. "तुझं तिकीट, तुझं सामान, सगळं त्यांच्याच घशात जातं! पप्पांना काय वाटलं असतं?" पुढच्या रविवारी तो बाईंनी भरायला घेतलेली बॅगच उचलून घेऊन गेला. रबर, रिंगा, मलमं, साबण, मोजे, सगळ्यासकट. म्हणाला, देणगीच्या पेटीत टाकली.

चोर सोडून संन्याशाला फाशी ती हीच. हुकूम सोडणाऱ्यांचं काही वाकडं करता येत नाही, तेव्हा जिचा पाय सडतोय तिच्या फ्रिजचं रबर टाकून द्यायचं!

मी माझी मोठी निळी बॅग काढली आणि बाईंच्या दिवाणखान्यात नेऊन उघडी ठेवली. रबर पुन्हा मागवलं. रिंगा माझ्याकडे होत्याच. बाई भरायला बसल्या आणि मला कळलं की ही विद्या त्यांना माझ्याइतकीच येते. बुटात मोजे, मोज्यात गोळ्यांच्या पट्ट्या, जड ते चाकांकडे. वजनाची पद्धतही तीच. आधी बाथरूमच्या काट्यावर आपण एकट्यानं उभं राहायचं, आकडा लक्षात ठेवायचा, मग बॅग कवटाळून पुन्हा उभं राहायचं आणि वजाबाकी करायची. मी काट्यावर चढले तेव्हा त्या खदाखदा हसल्या. "मीहा," म्हणाल्या. त्या मला असंच म्हणायच्या, माझी पोर. "मला वाटायचं ही फक्त आम्हा क्युबन लोकांचीच युक्ती."

मुलाला न सांगता मी त्यांना नेवार्क विमानतळावर सोडलं. मायामीला विमान बदलायचं होतं. बाईंच्या अंगावर एकावर एक तीन ब्लाउज, वर कोट, बहिणीसाठी. बॅगेत जागा उरली नव्हती. उन्हाळा होता. घामानं लिपस्टिक पसरली होती, ती त्यांनी गाडीच्या आरशात पुन्हा लावली. दोन आठवड्यांचं परतीचं तिकीट पर्समध्ये होतं.

त्या परत आल्या नाहीत.

फोन आला. मागे कोंबडे आरवत होते. रबर बसलं, तीनातली एक रिंग बसली, घेवडा शिजला. बहिणीला उचलून बसवावं लागतं, अंघोळ घालावी लागते, जखम धुवावी लागते आणि करायला दुसरं कुणी नाही. "इथे सगळं वाईट आहे, मीहा. वीज नाही, औषध नाही, रांगाच रांगा. पण तिला असं टाकून कसं येऊ?" ऐंशी वर्षांची बाई, हातात अमेरिकन पासपोर्ट, मेडिकेअरचा सरकारी विमा, इथे गरम पाणी चोवीस तास, आणि ती तिथे राहिली.

मी फोन ठेवला आणि एकटीच मोठ्यानं हसले, रागानं. कोण येतं आणि परत जात नाही म्हणालात? लिहून घ्या. अमेरिकेची बाई क्युबात पाहुणी म्हणून गेली आणि राहिली.

मुलगा त्याच दिवशी आला. दार वाजवलं नाही, ठोकलं. "तुम्ही नेऊन सोडलंत तिला! कोण तुम्ही? काय संबंध तुमचा?" मीही काही कमी नाही. म्हटलं, मी शेजारीण. तुझ्या आईला आठवड्यातून एकदा पाव नको होता, तिला बहीण हवी होती. ती इथे येऊ शकली नाही कारण तुझ्यासारख्यांनी त्या बंदीला टाळ्या वाजवल्या. आता वाजव. तो लालबुंद झाला आणि धाडधाड जिना उतरला.

मग कित्येक आठवडे पलीकडच्या स्वयंपाकघरातून आवाज नव्हता. माझा कुकर शिट्टी द्यायचा आणि पलीकडून पूर्वीसारखी भिंतीवर थाप पडत नसे.

थंडी सुरू झाल्यावर एका शनिवारी पुन्हा दार वाजलं, या वेळी हळू. मुलगा. दाढी वाढलेली. एका हातात आईच्या घरातला बाथरूमचा काटा, मागे एक बॅग. ती मी ओळखली. देणगीच्या पेटीत टाकली म्हणून सांगितली होती तीच, बाईंची. टाकली नव्हती. इतके दिवस त्याच्या ट्रकमध्ये पडून होती.

"तिच्या ब्लडप्रेशरच्या गोळ्या संपल्यात," तो माझ्याकडे न बघता म्हणाला. "ओळखीतलं कुणीतरी मंगळवारी जातंय. पण वजन कसं करायचं कळत नाही. बॅग ठेवली की आकडाच दिसत नाही."

मला दया आली असं मी लिहिणार नाही. मला रागच आला. स्वतःची आई तिकडे अडकल्यावर याला समजलं! जावे त्याच्या वंशा तेव्हा कळे, पण प्रत्येकानं तिथवर जाईपर्यंत बाकीच्यांनी काय सडत राहायचं? दार लावून घ्यावं असं मनात आलं. मी रिंगांचा डबा आणला. त्यातली बसलेल्या मापाची एक काढून त्याच्या हातावर ठेवली आणि काटा पायानं त्याच्याकडे सरकवला.

"आधी एकटा उभा राहा," मी म्हटलं. "मग आईची बॅग उचल."