तुरुंगातल्या पुस्तकातलं जुनं पान

माझ्या आत्याचा धंदा सांगितला की लोक आधी हसतात. ती पुस्तकांची पानं बदलते.

फौजदारी कायद्याचे काही जाडजूड संदर्भग्रंथ शिवलेले नसतात, लोखंडी कड्यांत अडकवलेले असतात. कायदा बदलला की प्रकाशक सगळं पुस्तक पुन्हा छापत बसत नाही, बदललेली तेवढीच पानं छापतो. मग आत्या कोर्टात, वकिलांच्या ऑफिसांत आणि तुरुंगाच्या वाचनालयात जाऊन कड्या उघडते, जुनं पान काढते, नवं घालते. दोन्हींवर पानाचा नंबर तोच, मथळा तोच. फरक फक्त तळाशी बारीक अक्षरात छापलेल्या तारखेचा. काढलेली पानं ती घरी आणते आणि पिशवी भरली की बसून फाडते. न फाडता रद्दीत घातली आणि कुणी खरी मानून वाचली तर घोटाळा व्हायचा.

आत्या मुळात भित्री. लिफ्टमध्ये एकटी चढत नाही, कुत्रं दिसलं की रस्ता बदलते. "तुला तुरुंगाचं काम दिलं कुणी?" बाबा तिला चिडवायचे. "कैदीच घाबरत असतील, ही बाई आता रडते की काय म्हणून." पण ते काम सोडायला ती तयार नव्हती. वकिलांच्या कपाटात तिची पुस्तकं शोभेला असायची. तुरुंगात मात्र जामिनाचं, शिक्षेचं, अपिलाचं पान हाताळून हाताळून कापडासारखं मऊ पडलेलं असायचं.

त्या दिवशी ती अपिलाचं प्रकरण उघडून बसली होती. जुनी पानं मांडीवर, नवी टेबलावर. एवढ्यात भोंगा वाजला. बाहेर धावपळ, आरडाओरडा, कुठलंसं लोखंडी दार धाडकन आपटलं. "उठा बाई, चला, चला!" शिपाई ओरडला. मांडीवरची पानं खाली पडली, टेबलावरची त्यांच्यावर. तिने हाताला लागली ती पानं कड्यांत घातली, उरलेली पिशवीत कोंबली आणि ती पळत सुटली. मग कळलं की ती भोंग्याची चाचणी होती. "मी जीव मुठीत घेऊन पळाले," ती घरी येऊन म्हणाली, "आणि मेल्यांची चाचणी!"

पिशवी भरायला पुढे बरेच आठवडे गेले. मग एका दुपारी स्वयंपाकघरातल्या टेबलापाशी पानं फाडता फाडता तिचा हात थांबला.

"काय झालं?" आईने विचारलं.

"वहिनी, हे नवं आहे."

नव्या पानात अपील करायची मुदत निम्मी झाली होती. म्हणजे तुरुंगातल्या पुस्तकात अजून जुनी, लांब मुदतच होती. ती वाचून कुणी निवांत बसला असेल तर?

"गप्प बस," बाबा म्हणाले. "कुणाला कळणार आहे? पुढच्या खेपेला हळूच बदलून टाक."

"दादा, तोवर कुणाची मुदत संपली म्हणजे?"

"त्याचा वकील बघेल. तुझ्या पोटावर पाय येईल तो कोण बघणार? आणि मुद्दाम केलंस का, असं पोलिसांनी विचारलं तर? तू पोस्टमनपुढेसुद्धा तत-पप करतेस!"

आत्याने ते नवं पान वेगळं काढून पिशवीत ठेवलं. सकाळ होताच ती तुरुंगाच्या फाटकावर जाऊन उभी राहिली.

"आज तुमचा वार नाही," शिपाई म्हणाला.

"एक पान राहिलंय," ती कशीबशी म्हणाली.

वाचनालय जन्मठेपेचा एक कैदी सांभाळायचा. त्याला सगळे मास्तर म्हणत. तो कशासाठी आत आहे हे आत्याने कधी विचारलं नव्हतं. मध्ये टेबल राहील अशा बेताने ती बसायची. मास्तरने तिने पुढे केलेल्या नव्या पानाच्या तळाची तारीख पाहिली आणि त्याचा चेहरा उतरला.

"बाई, ते जुनं पान आमच्या शिंप्याने तोंडपाठ केलंय."

शिंपी आला. तुरुंगातले गणवेश शिवणारा, आडदांड, खुनाच्या गुन्ह्यात शिक्षा झालेला. मास्तरने त्याला सगळं सांगितलं.

"मग माझी मुदत?"

"गेल्या आठवड्यात संपली."

आता हा माझा गळा धरणार, असं वाटून आत्या दाराकडे बघत राहिली. शिपाई होता, पण पार दाराशी.

"मी रोज वाचत होतो ते," शिंपी शेवटी म्हणाला. "अर्ज चांगल्या अक्षरात लिहायचा म्हणून थांबलो. दिवस आहेत म्हटलं."

"एक वाट आहे," मास्तर म्हणाला. "उशिराचं सबळ कारण दिलं तर कोर्ट माफ करू शकतं. कारण समोर बसलंय. बाईंनी लिहून दिलं तर."

"विचार करा बाई," शिपाई दारातून म्हणाला. "कामाला मुकाल."

"लिहाल का, ताई?" शिंप्याने विचारलं.

आत्याने पेन उघडलं. तिने लिहिलं की चुकीचं पान तिनेच ठेवलं, दुसऱ्या कुणाचा त्यात हात नाही.

"खाली नाव, सही आणि घरचा पत्ता," मास्तर म्हणाला.

"पत्ता कशाला?"

"कोर्टाची नोटीस कुठे पाठवणार? इथे?"

शिपाई हसला. आत्याला हसू आलं नाही. शेजारच्या घराचा नंबर घालावा, असं क्षणभर तिच्या मनात आलं. मग तिने खराच लिहिला. शिंप्याने कागद उचलला आणि बोट ठेवत ठेवत मोठ्याने वाचला. रस्ता, इमारत, मजला, दाराचा नंबर.

"बरोबर?"

तिने नुसतीच मान हलवली.

कोर्टाने उशीर माफ केला आणि अपील दाखल झालं. प्रकाशकाने आत्याकडून तुरुंग काढून घेतला, कोर्टही काढून घेतलं. वकिलांची थोडी ऑफिसं तेवढी उरली. बाबांनी तिच्याशी बरेच दिवस अबोला धरला.

त्या माणसाने खून केला होता की नाही, हे आत्याला माहीत नाही. तिने दाराला आणखी एक कडी लावून घेतली आहे आणि बेल वाजली की आधी आईला पुढे करते.

"सुटला तर आभार मानायला येईल, दुसरं काय?" आई म्हणते.

"तेच तर," आत्या म्हणते.

तरी वकिलांकडे पानं बदलताना ती कारकुनाला हळूच विचारते, "लागला का हो त्या शिंप्याचा निकाल?"