तिसावं पान

वैशाली कुठल्याही नव्या जागेत शिरली की आधी जमिनीवर मांडी घालून बसायची आणि विचारायची, "इथे किती माणसं जेवायला बसतील?" गॅलरी असो, बँक असो, नाहीतर माझ्या लग्नाचा हॉल. माझ्या सासऱ्यांना ती केटररची बाई वाटली होती.

डिलाईल रोडला, आमच्याच चाळीत, तिच्या आईची खाणावळ होती. दहा बाय बाराच्या खोलीत गिरणीतले कोकणातले गडी पाळीपाळीने जेवायचे. गिरण्या बंद पडल्या, गडी पांगले आणि ही पोरगी चित्रकला शिकून भलत्याच वाटेला लागली. चित्रं काढेना. स्वतःच कुठेतरी उभी राहून काहीतरी करायची आणि मी ते शूट करायचो. मी लग्न-मुंजींचा व्हिडिओवाला. फुकटात मिळणारा कॅमेरामन दुसरा कोण असणार? शिवाय मला ती फार आवडायची, हेही सांगून टाकतो. एकदा परळला, जुन्या गिरणीच्या जागी झालेल्या मॉलच्या दारात, सकाळी सात वाजता ती तोंडाने भोंगा वाजवत उभी राहिली. वॉचमनने हाकललं. "हाकललं ते बरं झालं रे," ती म्हणाली, "दखल तरी घेतली." एरवी तिची दखल कोणी घेत नव्हतं. पन्नाशी आली तरी नातेवाईक विचारायचे, शाळेत चित्रकला शिकवतेस का?

मग फोर्टातल्या एका गॅलरीने तिला मोठी खोली दिली. ही शेवटची संधी, असं तीच म्हणायची. खाणावळीतल्या मेलेल्या गड्यांची पानं वाढायची, असं तिने ठरवलं. सहा-सहा ताटांच्या पाच पंगती, प्रत्येक ताटाशी नावाची पाटी, भिंतीवर आईच्या रिकाम्या खोलीचा व्हिडिओ, आणि ती स्वतः दिवसभर वाढत राहणार. नावं आईने सांगितली. एकोणतीस भरली. भिकाजी परबांचं नावही तिच्या तोंडी आलं होतं, पण लगेच म्हणाली, "तेची खबर नाय. जितो आसलो तर? तेचा पान वाढू नको."

वैशालीने तरीही परबांची पाटी लिहिली. जिवंत माणसाच्या नावाने असं पान वाढणं म्हणजे काय, हे आमच्या चाळीत शेंबड्या पोरालाही कळतं. मी तसं बोललो. ती म्हणाली, "इतक्या वर्षांत एक पत्र नाही रे. आणि ती मोकळी जागा बघ, पंगत दात पडल्यासारखी दिसते." मी कॅमेरा लावायला घेतला.

परब जिवंत होते. उपचारांसाठी गावाहून परळच्या इस्पितळात आलेले, पुतण्याकडे उतरलेले. खाणावळवालीची पोर जेवण वाढते आहे, असं कोणीतरी सांगितलं म्हणून खुशीने टॅक्सी करून आले. धुवट सदरा, हातात मालवणी खाज्याचा पुडा. एकेक नाव वाचत ते सावकाश शेवटच्या पाटीशी पोचले. तिथे बराच वेळ उभे होते. मग चपला काढून बसले. वैशाली पुढ्यात भाताचं पातेलं घेऊन थिजलेली. ते शांतपणे म्हणाले, "माजा पान वाढलंस ना बाय? मगे मी उपाशी कित्याक जांव?"

आणि जेवले. ताट पुसून जेवले. लोकांना तो प्रयोगाचाच भाग वाटला. टाळ्या वाजल्या.

दीड महिन्यात परब गेले. मी घेतलेला त्या जेवणाचा व्हिडिओ देशोदेशी गाजला. तो म्हातारा खरा होता, हे वैशालीने कोणालाही सांगितलं नाही. पुतण्या भिंतीवर लावायला फोटो मागत आला, घरात एकही नव्हता. तिने त्याच व्हिडिओतून एक काढून दिला, खालची पाटी कापून. त्यानंतर तिने कामच सोडलं. बोलावणी येत होती, ती उत्तर देत नव्हती. तिने अपशकुनाचं मनाला लावून घेतलंय, असं मी धरून चाललो.

गेल्या महिन्यात ती आईला घेऊन कायमची गावी निघाली. बसची वाट पाहताना मी समजूत काढत होतो की परबांना आजार होताच, पाटीने काही माणूस मरत नाही.

"पाटीचं नाही रे," ती म्हणाली. "मी त्यांना दारातच ओळखलं होतं, चालण्यावरून. लहानपणी रोज खांद्यावर बसवून शाळेत न्यायचे मला. पाटी उलटी करायला वेळ होता. जाऊन हात धरायला वेळ होता. मी तुझ्याकडे बघितलं, कॅमेरा चालू आहे ना ते."

तिचं ते बघणं मला नीट आठवतं. मी मान डोलावली होती.