सेवेरच्या चेहऱ्यावरचा उजेड

अंगेल तुदोरान कसला कॅमेरामन होता, हे बुखारेस्टमध्ये सिनेमावाल्या कुणालाही विचारा, लोक अजून मान डोलावतात. पण बत्तिसाव्या वर्षापासून एक्केचाळिसाव्यापर्यंत, म्हणजे हात अगदी तयार झालेले असतात त्या नेमक्या वर्षांत, या माणसाने डुकरांचं चित्रीकरण केलं. सरकारी डुकरं, त्यांचा खुराक, त्यांच्या लशी. सिनेमाच्या सेटवर पाऊल टाकायची त्याला बंदी होती. का, ते कुणी सांगितलं नाही.

राजवट कोसळली, पुढे गुप्त पोलिसांच्या फायली खुल्या झाल्या, तेव्हा त्याला कळलं. एका खबऱ्याने टोपणनावाने लिहिलं होतं : 'सार्माले दुसऱ्यांदा वाढून घेताना तुदोरान म्हणाला, या देशात एकच चेहरा नीट उजेडात ठेवायची परवानगी आहे.' चेहरा म्हणजे अर्थात हुकूमशहाचा. कोबीच्या पानात गुंडाळलेल्या खिम्याचं ते जेवण अंगेलला लख्ख आठवलं. टेबलाशी दोघंच होते, तो आणि त्याचा जिवलग दोस्त, दिग्दर्शक सेवेर ब्रुदारू. घर सेवेरचं, सार्माले सेवेरने रांधलेली. पोटभर खाऊ घालून या माणसाने त्याचा गळा कापला होता.

अंगेलची बायको साफ्ता गप्प बसणाऱ्यांतली नव्हती. चर्चमध्ये प्रार्थनेसाठी नावांची चिठ्ठी देतात, जिवंतांची वेगळी आणि मेलेल्यांची वेगळी. तो लवकर मरावा म्हणून ती दर रविवारी सेवेरला मेलेल्यांत घालू लागली. पाद्री तिच्यावर भडकला, अंगेलही भडकला.

"तो मेला तर माझं काय होणार?" अंगेल म्हणाला. "मला हे त्याच्या तोंडून ऐकायचंय. कॅमेऱ्यासमोर."

"तुझा कॅमेरा लागेपर्यंत माझी चिठ्ठी चालू राहील," साफ्ता म्हणाली.

सेवेर काही मेला नाही. उलट ऐंशीचा झाला आणि त्याच्यावर माहितीपट करायचं ठरलं. इलिंका नावाची तरुण मुलगी दिग्दर्शन करणार होती. सेवेरनेच तिला बजावलं, "कॅमेऱ्यावर अंगेल पाहिजे. माझा चेहरा त्याच्याइतका कुणाला कळत नाही." कोडगेपणा म्हणतात तो हाच. अंगेलने इलिंकाला फाईल वाचायला दिली. ती वाचून इलिंका एवढंच म्हणाली, "अंगेलकाका, पानं त्यांच्या हातात मी ठेवते."

सेवेरचा जन्मभराचा हट्ट होता : नटाला संवादाचं पान आधी दाखवायचं नाही, कॅमेरा सुरू झाल्यावरच हातात द्यायचं. स्वतःसाठीही त्याने तोच नियम लावला. 'जुनी पत्रं' वाचायची आहेत, एवढंच त्याला माहीत होतं. कॅमेऱ्यापुढे चष्मा लावायला तो तयार नव्हता, म्हणून अक्षरं मोठी करून घेतली होती.

अंगेलने दिवा समोर, डोळ्यांच्या उंचीवर लावला. सावली कुठेच ठेवली नाही. कॅमेरा सुरू झाला आणि सेवेर भारदस्त आवाजात वाचू लागला. तिसऱ्या ओळीत सार्माले आली तसा त्याचा आवाज बसला.

"हे काय आहे?"

"पान आहे. वाच," अंगेल म्हणाला.

"अरे, मी नसतं लिहिलं तर दुसऱ्या कुणीतरी लिहिलं असतं. याहून वाईट लिहिलं असतं."

"खरंय. तुझी भाषा पहिल्यापासून चांगली. वाच."

"कॅमेरा बंद कर."

"ते दिग्दर्शकाने सांगायचं असतं."

सेवेरने इलिंकाकडे पाहिलं. तिने मानेनेच 'पुढे' अशी खूण केली. उठून जावं, तर जातानाची पाठसुद्धा फिल्मवर येणार, हे त्याच्याइतकं कुणाला ठाऊक होतं? तो वाचत राहिला. तुदोरानला सेटवरून काढावं, ही शिफारस आली. त्याच्या जागी माझ्या भाच्याला घ्यावं, हेही आलं. आपल्याला बरं वाटतंय हे अंगेलने स्वतःपाशी कबूल केलं.

रीळ संपलं. सेवेरने घाम पुसला. "झालं ना तुझं समाधान?"

अंगेलने नवं रीळ काढलं, उजेड लागू नये म्हणून काळ्या पिशवीत हात घालून ते भरलं आणि कॅमेऱ्यावर चढवलं.

"अजून आठ पानं आहेत, सेवेर," तो म्हणाला. "पाणी पिऊन घे."